फाळक्यांचे देखावे

दादासाहेब फाळके यांचें नांव घेतलें कीं आपल्या डोळ्यांपुढें हरिश्चंद्र, राम, हनुमान आणि बाळकृष्ण हीं पात्रें उभीं राहतात. ३ मे १९१३ रोजीं गिरगांवांतील कॉरोनेशन थिएटरांत ‘राजा हरिश्चंद्र’ लागला आणि हिंदुस्थानी चित्रपटाचे जनक म्हणून फाळक्यांचें स्थान कायम झालें. त्या स्थानाला धक्का लावण्याचा या लेखाचा हेतु नाहीं. परंतु त्यांच्या चित्रांच्या ज्या याद्या अभ्यासकांनीं तयार केल्या आहेत, त्या बारकाईनें चाळल्या असतां पौराणिक नांवांच्या गर्दींत दुसऱ्याच जातीचीं कांहीं नांवें आढळतात: ‘नाशिक-त्र्यंबक येथील देखावे’, ‘सिंहस्थ पर्वणी’, ‘कार्तिकी पौर्णिमा उत्सव’, ‘तळेगांव काच कारखाना’. मुख्य खेळाच्या जोडीला दाखवावयाचीं हीं लहान चित्रें. फाळक्यांवर लिहिणारे बहुतेक लेखक तीं एका वाक्यांत उरकून पुढें जातात. आमचें म्हणणें असें कीं, तेथेंच थांबावयास पाहिजे. फाळके हे आधीं आपल्या भूमीचे चित्रकार होते, मागाहून पुराणिक झाले. देखावे हा त्यांच्या उद्योगाचा जोडधंदा नसून पाया होता; आणि तो पाया ओळखल्यावांचून त्यांच्या पौराणिक चित्रांचीहि खरी किंमत कळावयाची नाहीं.

चलच्चित्रांची कला आपल्याकडे परक्यांच्या हातून आली. २८ डिसेंबर १८९५ रोजीं ल्यूमिएर बंधूंनीं पॅरिसमध्यें आपला खेळ केला आणि ७ जुलै १८९६ रोजीं मुंबईच्या वॉटसन हॉटेलांत तो येथील लोकांनीं पाहिला. आगगाडी स्टेशनांत शिरते, कारखान्यांतून कामकरी बाहेर पडतात, अशीं तीं दृश्यें होतीं. पण गाडी फ्रान्सची आणि कामकरीहि तिकडचेच. पुढें सावे दादा या नांवानें प्रसिद्ध असलेले हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनीं कॅमेरा मिळवून १८९९ सालीं मुंबईच्या हँगिंग गार्डनमधील एक कुस्ती टिपली, आणि १९०१ सालीं केंब्रिजहून रँग्लर होऊन परतलेल्या परांजप्यांच्या स्वागताचें चित्र घेतलें. मराठी माणसाच्या हातांत कॅमेरा पडला तेव्हां त्यानें प्रथम देव पाहिला नाहीं, कुस्ती पाहिली, ही गोष्ट ध्यानांत ठेवण्यासारखी आहे. परंतु सावे दादांचें काम प्रसंगांचें होतें. आज कुस्ती, उद्यां स्वागत. त्याच सुमारास परदेशी कंपन्यांचे लोक इकडे येत, हत्ती, घाट, फकीर आणि मिरवणुका टिपीत आणि आपल्या देशबांधवांस नवलाई म्हणून दाखवीत. आपली भूमि आपल्याच माणसानें आपल्याच माणसांसाठीं पडद्यावर मांडावी, हा हेतु धरून आयुष्य वेचणारा मनुष्य अद्याप पुढें यावयाचा होता.

फाळक्यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजीं त्र्यंबकेश्वरीं, म्हणजे गोदावरीच्या उगमापाशीं झाला. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेंत ते चित्रकला शिकले. बडोद्याच्या कलाभवनांत छायाचित्रण शिकले. गोध्र्यास छायाचित्रकाराचा धंदा केला. पुराणवस्तुखात्यांत नकाशे व छायाचित्रें काढण्याची नोकरी धरली. आणि स्वदेशीच्या चळवळीच्या दिवसांत ती सोडून लोणावळ्यास छापखाना काढला. या चरित्राकडे लोक धडपड्या माणसाची भटकंती म्हणून पाहतात. आम्हांस त्यांत एक सरळ रेषा दिसते. कुंचला, भिंग, ठसा यांपैकीं कोणतेंहि साधन हातीं असो, समोर जें आहे तें उतरवून घेणें हाच या माणसाचा व्यवसाय होता. पुराणवस्तुखात्याच्या छायाचित्रकारास लेण्यांतल्या मूर्तीला नवा हात जोडून देतां येत नाहीं. हात मोडलेली मूर्ति मोडकीच दाखवावी लागते. ही शिस्त ज्याच्या डोळ्यांत एकदां भिनली, त्याच्या हातून पुढें कितीहि चमत्कार घडले तरी ते खऱ्या मातीवर पाय रोवूनच घडावयाचे.

याचा पुरावा त्यांच्या पहिल्याच फितीनें दिला. १९१२ सालीं फाळके लंडनहून विल्यम्सन बनावटीचा कॅमेरा घेऊन परतले. भांडवल हवें होतें आणि सावकारास पटवावयाचें होतें. दुसऱ्या कोणी अशा वेळीं एखादा लढाईचा किंवा नृत्याचा प्रवेश घेतला असता. फाळक्यांनीं कुंडींत वाटाणा पेरला. कॅमेरा समोर ठेवून महिनाभराहून अधिक काळ रोज थोडेंथोडें चित्रण केलें. आणि माती फोडून अंकुर वर येतो, पानें उलगडतात, वेल चढते, हें सारें क्षणांत घडतांना दाखविलें. ‘अंकुराची वाढ’ हें तिचें नांव. तींत पात्र नाहीं, कथा नाहीं, अवतार नाहीं. जें रोज आपल्या परसांत घडतें आणि तरीहि डोळ्यांस दिसत नाहीं, तें या चित्रानें दिसावयास लावलें. अनुबोधपटाची याहून नेमकी व्याख्या आम्हांस ठाऊक नाहीं. या फितीनें आणखीहि एक गोष्ट सांगितली: भूमीचें चित्र घेणारास भूमीच्या चालीनें चालावें लागतें. वाटाण्याला घाई करतां येत नाहीं. एवढा धीर ज्याच्या अंगीं आहे, त्यानेंच या कामांत पडावें.

आतां ‘देखावा’ या शब्दाकडे वळूं. हा शब्द त्या काळीं नाटकगृहांतला होता. देखावा म्हणजे रंगविलेला पडदा: मागें राजवाडा, अरण्य किंवा नदी, आणि पुढें उभे राहून गाणारे नट. नाटकांतली नदी वाहत नसे. वाहण्याचें काम पदांनीं करावयाचें. फाळक्यांनीं हा शब्द उचलला आणि गोदावरीच्या काठीं नेऊन ठेवला. प्रेक्षक त्याच सवयीनें खुर्चीवर बसला. पण या वेळीं पडद्यावरील पाणी हाललें, घाटाच्या पायऱ्यांवर खरीं माणसें उतरलीं. आपण ज्या नदींत स्नान करून आलों ती नदी अंधारांत समोर चकाकत आहे, हा अनुभव त्या पिढीस केवढा नवा असेल याची आज कल्पना करणें कठीण आहे. परक्यांचीं शहरें पडद्यावर पाहून जें ठसलेलें असतें कीं पाहण्यासारखें जें कांहीं आहे तें दूर आहे, त्याला हें उत्तर होतें. नाशिक आणि त्र्यंबक हींहि पाहण्यासारखीं आहेत. आणि तीं पाहण्यासारखीं आहेत हें ठरविणारे आपण आहों.

हीच दृष्टि तळेगांवच्या चित्रांत दुसऱ्या अंगानें दिसते. अंताजी दामोदर काळे यांनीं दर माणशीं एक पैसा गोळा करून पैसा फंड उभारला आणि त्यांतून १९०८ सालीं तळेगांव दाभाडे येथें काचेचा कारखाना निघाला. जो कारखाना लोकांच्या पैशापैशानें उभा राहिला तो लोकांस पडद्यावर दाखवावा, हें फाळक्यांस सुचलें यांत त्यांच्या देशाभिमानाची जात कळते. मायभूमि म्हणजे डोंगर, नद्या आणि देवळें एवढेंच नव्हे. भट्टीपुढें घाम गाळणारा कारागीरहि तिच्यांत येतो. घाट आणि भट्टी हीं एकाच माणसानें, एकाच हेतूनें, एकाच कॅमेऱ्यानें टिपावयास घेतलीं, ही त्या यादीची सर्वांत बोलकी गोष्ट आहे.

येथें एक मर्यादा पाळली पाहिजे. न पाहिलेल्या चित्राची थोरवी गाणें हें टीकाकाराचें काम नव्हे. हे देखावे आज पाहावयास मिळत नाहींत. त्यांचीं नांवें मात्र उरलीं आहेत. तेव्हां फाळक्यांची दृष्टि पारखावयाची तर उरलेल्या फितींवरच पारखली पाहिजे. ‘राजा हरिश्चंद्र’चा जो भाग शिल्लक आहे, व जो १९१७ च्या दुसऱ्या आवृत्तीचा असावा असें जाणकार मानतात, त्यांत तारामतीच्या परिवाराचा जलक्रीडेचा प्रवेश आहे. पात्रें सारीं पुरुषांचीं. लुगडीं भिजून अंगाला चिकटलेलीं. नाटक म्हणून हा प्रवेश आज हसूं आणील. पण त्यांतलें पाणी खोटें नाहीं आणि भिजलेलें लुगडेंहि खोटें नाहीं. ‘श्रीकृष्णजन्म’ (१९१८) या चित्रांत नदींतून कृष्ण वर येतो आणि काठावर भक्तांचा मेळा हात जोडून उभा राहतो. ‘कालियामर्दन’ (१९१९) यांत कृष्ण डोहांत उडी घेतो आणि गोकुळचे लोक काठावर व्याकूळ होऊन वाट पाहतात. चमत्कार पाण्याखालीं आहे. काठावर मात्र चमत्कार कांहीं नाहीं. तेथें त्या काळचीं माणसें आहेत, त्यांचीं पागोटीं, त्यांचे पदर, ऊन लागून आखडलेल्या भिंवया आहेत. गोकुळ म्हणून आपण जें पाहतों तें शंभर वर्षांपूर्वींचें आपलें गांव आहे.

‘कालियामर्दना’चा आरंभ तर विशेष लक्ष देण्यासारखा आहे. कृष्णाची भूमिका फाळक्यांची लहानगी मुलगी मंदाकिनी हिनें केली आहे. कथा सुरू होण्यापूर्वीं फाळके तिला प्रेक्षकांपुढें उभी करतात आणि तिच्या मुद्रेवरचे नाना भाव एकामागून एक दाखवितात. मागाहून ती कृष्ण होते. देव दाखविण्यापूर्वीं देवाचें सोंग घेणारें मूल दाखविणें हें पुराणिकाचें लक्षण नव्हे. ‘चित्रपट कसे तयार करतात’ या चित्रांत त्यांनीं हेंच स्वतःच्या बाबतींत केलें: नटांस शिकविणारे आणि फीत तपासणारे फाळके स्वतःच पडद्यावर आले. चमत्कार करून दाखवावा आणि तो कसा केला हेंहि सांगून टाकावें, असा हा प्रामाणिक जादूगार होता.

अनुबोधपटाच्या इतिहासांत रॉबर्ट फ्लाहर्टी याच्या ‘नॅनूक ऑफ द नॉर्थ’ (१९२२) या चित्रास आद्यस्थान देण्याचा प्रघात आहे, आणि तें चित्र थोर आहे यांत शंका नाहीं. पण त्याच्या थोरवीची घडण पाहण्यासारखी आहे. बर्फाळ प्रदेशांतले ते लोक तेव्हां बंदुका वापरूं लागले होते. फ्लाहर्टीनें त्यांस भाल्यांनीं शिकार करावयास लावलें. बर्फाच्या घरांत कॅमेऱ्यास उजेड पुरेना म्हणून अर्धेंच घर बांधून घेतलें. दूरच्या पाहुण्यास यजमानाचा जुना पोषाख आवडतो; यजमानानें नवा घातला असला तरी तो पाहुण्यासाठीं पेटींतून जुना काढतो. फाळक्यांनीं पौराणिक चित्रांत याहून कितीतरी अधिक बनवाबनवी केली, पण ती पुराण म्हणून केली. आपल्या भूमीचें चित्र म्हणून जें घ्यावयाचें त्यासाठीं त्यांनीं नदी, पर्वणी आणि कारखाना निवडला. म्हणजे जुनें आणि नवें दोन्ही. घरच्या माणसास घर जुनेंच दिसावें असा हट्ट नसतो. परक्या देशाचें चित्र आणि मायभूमीचें चित्र यांत जो भेद करावयाचा तो येथें आहे.

असें असलें तरी घरच्या माणसाच्या डोळ्यालाहि एक झांपड असते, आणि फाळक्यांच्या डोळ्याला ती होती. त्यांची भूमि ही मुख्यत्वें तीर्थभूमि आहे. घाट, पर्वणी, पौर्णिमा हीं नांवें पाहिलीं कीं हा देश यात्रेकरूच्या वाटेनें पाहिलेला आहे हें कळतें. त्याच नाशकांत, त्याच गोदेच्या परिसरांत, २ मार्च १९३० रोजीं डॉ. आंबेडकरांच्या नेतृत्वाखालीं काळाराम मंदिराच्या प्रवेशासाठीं सत्याग्रह सुरू झाला. हजारों माणसें त्या देवळाच्या दारांशीं उभीं राहिलीं आणि दारें उघडलीं नाहींत. पर्वणीच्या देखाव्यांत जो समुदाय एकजीव दिसतो, तो तसा नव्हता, हें त्या बंद दारांनीं सांगितलें. सुंदर देखावा कांहीं दाखवितो त्याबरोबर कांहीं झांकतोहि. फाळक्यांनीं हें मुद्दाम केलें असें आम्ही म्हणत नाहीं. त्यांच्या काळाच्या व जातीच्या चौकटींतून त्यांस जें दिसलें तें त्यांनीं दाखविलें. पण मायभूमीचें चित्र काढणारानें काठावर कोण आहे एवढेंच न पाहतां काठावर येऊं कोणास दिलें जात नाहीं हेंहि पाहिलें पाहिजे, हा धडा त्यांच्या यशापेक्षां त्यांच्या उणीवेंतून अधिक स्पष्ट मिळतो.

मूकपटांच्या काळांत या देशांत सुमारें १३०० चित्रें निघालीं आणि त्यांतलीं फारच थोडीं उरलीं. त्या फिती नायट्रेटच्या. चटकन् पेट घेणाऱ्या. चित्राचा धंदा संपला कीं फीत वितळवून तिच्यांतली चांदी काढीत. पुण्याचें राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ सालीं निघालें, आणि फाळके तर १६ फेब्रुवारी १९४४ रोजींच नाशकास वारले होते. फाळक्यांच्या फितींतून जें थोडें वांचलें त्यांत देवांचीं चित्रें आहेत. हें स्वाभाविक आहे. ज्याला पुन्हां गिऱ्हाईक मिळेल तेंच मनुष्य जपतो. हरिश्चंद्र पुन्हां लावतां येई, पर्वणीचें चित्र पर्वणी सरली कीं जुनें होई. परंतु येथें काळानें मोठी थट्टा केली आहे. हरिश्चंद्राची कथा एकहि फीत नसती तरी बुडाली नसती. ती पोथींत, कीर्तनांत, नाटकांत आहे. १९१४ च्या सुमाराची गोदावरी मात्र दुसऱ्या कोणत्याहि पोथींत नाहीं. जें अमर होतें तें आपण जपलें आणि जें मर्त्य होतें तें मरूं दिलें.

हा प्रश्न गेलेल्या काळाचा असता तर एवढें लिहिण्याचें प्रयोजन नव्हतें. मुंबईच्या खाडीपलीकडे पाहा. १७ मार्च १९७० रोजीं सिडको स्थापन झाली आणि ठाणें, पनवेल व उरण या भागांतल्या ९५ गांवांच्या जमिनीवर नवी मुंबई वसविण्यास आरंभ झाला. ती जमीन रिकामी नव्हती. तेथें आगऱ्यांचीं भाताचीं शेतें होतीं, खारें पाणी अडविणारे बांध होते, मिठागरें होतीं. दिवाळें, करावें, बेलापूर येथें कोळ्यांच्या होड्या आणि जाळीं होतीं. लग्नांत धवलारीण धवले गात असे व तिच्या गाण्यावांचून लग्न लागलें असें कोणी मानीत नसे. जमिनीच्या मोबदल्यासाठीं जानेवारी १९८४ मध्यें उरण तालुक्यांत जासईच्या परिसरांत आंदोलन झालें आणि गोळीबारांत पांच माणसें गेलीं. पुढें विमानतळासाठीं उलव्याची टेकडी कापली, उलवे नदीचा प्रवाह वळविला, दहा गांवें उठलीं. आणि ऑक्टोबर २०२५ मध्यें विमानतळाचें उद्घाटन झालें. त्र्यंबकचा ब्रह्मगिरि अद्याप जागेवर आहे. त्याचें शंभर वर्षांपूर्वींचें चित्र हरवलें तरी तेथें जाऊन अदमास करतां येतो. उलव्याच्या टेकडीचा अदमास करावयास आतां कोठें जावयाचें?

आजच्या चित्रपटकारास साधनांची वाण नाहीं. फाळक्यांस एकेक फूट फीत मोजून वापरावी लागे. आज प्रत्येकाच्या खिशांत कॅमेरा आहे आणि आकाशांत ड्रोन फिरतो. म्हणूनच देखाव्यांचा सुकाळ झाला आहे. खाडींत उतरलेले रोहित पक्षी, पावसांतले हिरवे डोंगर, नारळी पौर्णिमेची मिरवणूक, हें सारें वरून, दुरून आणि लवकर टिपलें जातें. त्यावर सनई घातली कीं ‘आपली संस्कृति’ तयार होते. हा देखावा पुन्हां नाटकगृहांतल्या पडद्याकडे गेला. नदी रंगीत झाली आणि वाहावयाची थांबली. धवलारणीचे दोन चरण घेऊन तिला सोडून देणारा चित्रपटकार तिचें चित्र काढीत नाहीं, तिचा पोषाख काढतो. तिचें गाणें सुरुवातीपासून शेवटपर्यंत, लग्नघरांतल्या गलक्यासकट, ज्या विधीला तें लागू आहे त्या विधीबरोबर टिपावें लागेल. बांधाचें चित्र घ्यावयाचें तर भरतीला आणि ओहोटीला, पेरणीला आणि कापणीला त्याच जागीं उभें राहावें लागेल; आणि बांध जेथें फुटला किंवा बुजविला गेला तेथेंहि उभें राहावें लागेल. कोणाची जमीन गेली, कोणास काय मिळालें, कोण वगळला गेला, हें न सांगणारा देखावा कितीहि रम्य असला तरी तो विक्रीच्या जाहिरातीहून फार वेगळा नाहीं.

फाळक्यांचें मोठेपण आम्हांस शेवटीं त्या कुंडींतल्या वाटाण्यांत दिसतें. कर्जासाठीं सावकारापुढें जावयाचें आहे, घरांत पैसा नाहीं, आणि हा मनुष्य रोज त्याच जागीं बसून अंकुर किती वाढला तें पाहत आहे. त्यांच्या हातून जीं देवांचीं चित्रें झालीं तीं त्यांच्या काळानें डोक्यावर घेतलीं. जे देखावे झाले ते त्यांच्या पुढच्या पिढ्यांनीं गमावले. त्यांच्या नांवानें पुरस्कार देणाऱ्या देशानें गांवोगांवच्या लग्नांच्या, जत्रांच्या, कापणीच्या ज्या फिती आणि जीं चित्रणें घरोघर पेट्यांत व यंत्रांत पडून आहेत, तीं गोळा करून नांव, गांव, साल लिहून जपण्याची व्यवस्था केली, तर तो त्यांचा खरा सन्मान होईल. त्यांतलें कोणतें चित्र उद्यां अमोल ठरेल हें आज सांगतां येत नाहीं. नाशिक-त्र्यंबकच्या देखाव्यांबद्दल तरी १९१४ च्या सुमारास कोणास सांगतां आलें असतें?